रायडिंग मोवरची कटिंग हाइट: लिव्हरवरचा आकडा सोडा, टेप घ्या

इकडे ओहायोत घर घेतलं तेव्हा एजंटने पाऊण एकर, पाऊण एकर करून असं काही कौतुक केलं की मला वाटलं चला, सांगलीत आमच्या आप्पांनी आयुष्यभर काटकसर करून दोन गुंठे घेतले आणि आपण इथे एका सहीत तीस गुंठ्यांचे मालक झालो. नंतर कळलं की या तीस गुंठ्यांत पिकतं फक्त गवत, आणि ते खायला घालायला म्हैस पण नाही, दर आठवड्याला स्वतःच कापायचं. पहिले दोन महिने ढकलायच्या मोवरने कापलं, तीन-तीन तास घामाघूम, मग शेजारचे एक आजोबा घर विकून फ्लोरिडाला निघाले होते त्यांच्याकडून जुना रायडिंग मोवर, म्हणजे वर बसून चालवायचं गवत कापायचं मशीन, घेतला. ४२ इंची डेक (पात्यांवरचं पत्र्याचं झाकण), खाली दोन पाती, सीटच्या उजव्या बाजूला मडगार्डवर डेक वर-खाली करून कापायची उंची ठरवणारी एक लिव्हर आणि लिव्हरला सहा खाचा. आजोबांनी चालू कसा करायचा, बंद कसा करायचा ते दाखवलं, खाचांबद्दल काही बोलले नाहीत आणि मी पण विचारलं नाही.

आता सलूनमध्ये आपण काय सांगतो, जरा बारीकच कर म्हणजे महिनाभर बघायला नको. तोच हिशोब मी गवताला लावला. लिव्हर दोन नंबरच्या खाचेत टाकली आणि मे महिन्यातल्या एका शनिवारी मस्त कानात गाणी लावून अख्खं यार्ड कापून काढलं, रविवारी सकाळी बाहेर येऊन बघतो तर जिथे जिथे जमीन जरा उंच आहे तिथे पात्याने माती खरवडलेली आणि प्रत्येक फेरीच्या डाव्या बाजूला एक पिवळट पट्टा, जणू कुणी झेब्रा क्रॉसिंग रंगवलंय. जुलैपर्यंत त्या खरवडलेल्या जागांवर क्रॅबग्रास नावाच्या तणाने संसार थाटला. तो काढायला दोन उन्हाळे गेले. म्हणून हे सगळं लिहितोय, कारण नव्याने घर घेतलेले आपले लोक मला दर वर्षी एप्रिलमध्ये हाच प्रश्न विचारतात की "लिव्हर कितीवर ठेवू?" आणि माझं उत्तर असतं की आधी तुझी लिव्हर खरं बोलते का ते बघ.

पण किती उंच ठेवायचं तेवढं पटकन सांगतो. ते गवत कुठलंय त्यावर आहे. इकडे थंडीच्या भागात, म्हणजे ओहायो, मिशिगन, पेनसिल्व्हेनिया, न्यू जर्सी वगैरे, बहुतेक यार्डात टॉल फेस्क्यू नाहीतर केंटकी ब्लूग्रास किंवा दोन्हीचं मिक्स असतं. फेस्क्यूला ३ ते ४ इंच, ब्लूग्रासला अडीच ते साडेतीन. मिक्स असेल तर सव्वातीनच्या आसपास ठेवा, कुणाचीच तक्रार येत नाही. टेक्सास, जॉर्जियाकडे बर्म्युडा असतं, ते १ ते २ इंचांवर खूश असतं, आणि फ्लोरिडात सेंट ऑगस्टीन असेल तर परत अडीच ते ४. त्यामुळे अटलांटातल्या मेव्हण्याने "आम्ही तर दीड इंचावर कापतो, गालिचा आहे गालिचा" असं सांगितलं म्हणून तुम्ही इकडे ओहायोत कोलंबसमध्ये दीडवर जाऊ नका. त्याचं गवत वेगळं, त्याचं ऊन वेगळं. उंच पातीच्या गवताची मुळं पण खोल जातात, म्हणजे जुलै-ऑगस्टच्या कोरड्या दिवसांत तग धरतं, आणि जमिनीवर सावली राहिली की क्रॅबग्रासच्या बियांना रुजायला ऊन मिळत नाही. माझ्या बाबतीत नेमकं उलटं झालं होतं, मीच टक्कल करून त्यांना जागा करून दिली होती.

दुसरी गोष्ट, एका वेळी गवताच्या पातीचा एक तृतीयांशापेक्षा जास्त भाग कापायचा नाही. तोंडी हिशोब सोपा आहे, जितकं ठेवायचंय त्याच्या दीडपट झालं की कापा. ३ इंच ठेवायचं तर साडेचार झाल्यावर. मे महिन्यात इतकं वाढतं की यासाठी आठवड्यातून दोनदा बसावं लागतं, ऑगस्टमध्ये दोन आठवडे हात नाही लावला तरी चालतं.

आता लिव्हरकडे येऊ. मशीनप्रमाणे तीन-चार तऱ्हा असतात. साध्या लॉन ट्रॅक्टरला उजवीकडे हाताची लिव्हर असते, वरचं बटण दाबायचं किंवा लिव्हर जरा बाजूला ओढून खाचेतून सोडवायची, वर-खाली करायची आणि पाहिजे त्या खाचेत बसवायची. बसली की थोडी हलवून बघा, अर्धवट बसली असेल तर पहिल्या खड्ड्यात धाडकन खाली येते. काही मशीनला लिव्हरसोबत एक गोल नॉब असतो, तो फिरवून उंची ठरवायची आणि लिव्हरने फक्त वर उचलायचं आणि खाली सोडायचं, म्हणजे ड्राइव्हवेवरून जाताना डेक उचलला तरी परत त्याच उंचीवर येतो. झीरो टर्नला, म्हणजे जागच्या जागी वळणाऱ्या मोवरला, बहुतेक वेळा पायाचं पेडल असतं आणि एक पिन, पाव-पाव इंचावर भोकं असतात, पेडल पूर्ण दाबायचं, पिन पाहिजे त्या भोकात घालायची आणि पेडल हळू सोडायचं. हळू म्हणजे खरंच हळू. त्या डेकचं वजन भरपूर असतं आणि पेडल पोटरीवर आपटलं तर दोन दिवस लंगडाल. हे सगळं करताना पाती बंद, एवढं लक्षात ठेवा, चालता चालता पाती फिरत असताना उंची बदलायची सवय लावून घेऊ नका.

लिव्हर खूप जड जात असेल तर जोर लावू नका. डेकखाली सुकलेल्या गवताचे थर बसून वजन वाढलेलं असतं, किंवा लिंकच्या सांध्यांना गंज चढलेला असतो. खालून खरवडून काढा, सांध्यांना ग्रीस द्या, माझी लिव्हर एवढ्यानेच निम्मी हलकी झाली.

इथपर्यंत सोपं होतं. खरी भानगड अशी आहे की खाचांवर १, २, ३, ४ जे लिहिलंय ते बऱ्याच मशीनवर इंच नसतातच, नुसते खाचांचे नंबर असतात. माझ्या मशीनच्या मॅन्युअलप्रमाणे पहिली खाच दीड इंच आणि मग प्रत्येक खाचेला अर्धा इंच वाढत सहावी खाच ४ इंच. म्हणजे चौथी खाच ३ इंच. मी तीन वर्षं समजत होतो ४ म्हणजे ४ इंच. आणि मॅन्युअलमधला आकडा पण डेक सरळ लटकलेला असेल, टायरमध्ये नेमकी हवा असेल, पाती वाकलेली नसतील तरच खरा. जुन्या मशीनचं यातलं एक तरी बिघडलेलं असतंच.

हे मला कळलं आप्पांमुळे. ते आईसोबत एका उन्हाळ्यात इकडे आले होते. आप्पा आयटीआय झालेले फिटर, अख्खी नोकरी वर्कशॉपमध्ये गेली, इथे त्यांना दिवसभर करायला काही नाही, मुलं शाळेत, आई सिरियल बघते. मी गवत कापून आलो की ते पाठीमागे हात बांधून यार्डात एक फेरी मारायचे आणि काही न बोलता आत जायचे. तिसऱ्या आठवड्यात बोलले, "तुझं डावीकडं खाली चाललंय बघ."
मी म्हटलं, "आप्पा, ते मशीनच तसं आहे."
"मशीन तसं नसतंय. टेप आण."

पुढचं सगळं त्यांनी शिकवलेलं आणि मॅन्युअलशी ताडून बघितलेलं आहे. आणि हो, आप्पा सुतात बोलतात. एक सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, दोन सूत म्हणजे पाव इंच, चार सूत म्हणजे अर्धा. इकडच्या टेपवर सेंटीमीटरपेक्षा इंचाचे भागच ठळक असतात, त्यामुळे गावाकडच्या सुताराची आणि गवंड्याची ही भाषा ओहायोतल्या गॅरेजमध्ये चपखल बसते, एक अष्टमांश, तीन अष्टमांश करण्यापेक्षा एक सूत, तीन सूत म्हणा, डोक्याला ताप नाही.

सगळ्यात आधी मशीन पूर्ण बंद करायचं. गॅरेजच्या किंवा ड्राइव्हवेच्या सपाट काँक्रीटवर उभं करा, गवतावर नको, गवतावर मोजलेलं माप म्हणजे पाण्यावर मारलेली रेघ. पार्किंग ब्रेक लावा, पाती बंद, इंजिन बंद, किल्ली काढून खिशात ठेवा, आणि स्पार्क प्लगची वायर उपसून बाजूला करा. बॅटरीवर चालणारं असेल तर सेफ्टी की काढून घ्या. यात कंटाळा नको, कारण पुढे आपण हाताने पातं फिरवणार आहोत. इंजिन नुकतंच चाललेलं असेल तर अर्धा तास थांबा, सायलेन्सरला हात लागला तर फोड येतो, माझ्या मनगटावर अजून खूण आहे. हातात जाड कातडी ग्लोव्हज घाला, पात्याला धार नसली तरी.

मग हवा. ही गोष्ट लोक नेहमी विसरतात आणि निम्म्या वेळा सगळा घोळ इथेच असतो. डेक मशीनच्या फ्रेमला लटकलेला असतो आणि फ्रेम टायरवर उभी असते, म्हणजे एका टायरमध्ये हवा कमी की ती बाजू खाली. या टायरना हवा फार कमी लागते, गाडीसारखी ३०-३५ नाही. माझ्या मशीनला पुढच्याला १४ पीएसआय आणि मागच्याला १०, तुमच्या मशीनचा आकडा मॅन्युअलमध्ये बघा, आणि मॅन्युअल हरवलं असेल तर सीटखाली मॉडेल नंबरचं स्टिकर असतं बहुतेक, त्यावरून नेटवर मिळतं. कमी प्रेशर मोजणारा वेगळा गेज घ्या, कारच्या गेजवर १० आणि ७ मधला फरक धड दिसत नाही. आम्ही मोजलं तेव्हा मागचा डावा टायर ५ वर होता! म्हणजे माझा झेब्रा क्रॉसिंग मुख्यतः या टायरने रंगवला होता. हवा भरली आणि डावी बाजू डोळ्यादेखत वर आली. आप्पा फक्त "हं" म्हणाले.

हवा झाल्यावर लिव्हर तुम्ही नेहमी कापता त्या खाचेत ठेवा. काही कंपन्या सांगतात सगळ्यात वरच्या खाचेत ठेवून लेव्हल बघा, काही मधल्या, तर मॅन्युअलमध्ये काय म्हटलंय ते बघून घ्या.

आता मोजायचं कुठून? डेकच्या पत्र्याच्या कडेपासून नाही. गवत कापतं पातं, पत्रा नाही, आणि पात्याची धार सहसा पत्र्याच्या कडेपेक्षा थोडी वर असते, त्यामुळे पत्र्यापासून मोजलंत तर माप कमी येतं. पात्याच्या टोकाशी जिथे धार आहे तिथून जमिनीपर्यंत मोजायचं. पातं हाताने फिरवून आडवं करा, म्हणजे एक टोक डावीकडे, एक उजवीकडे. जरा जड फिरतं, बेल्ट आणि ब्रेक असतो. डाव्या पात्याचं डावं टोक आणि उजव्या पात्याचं उजवं टोक, ही दोन मापं घ्या. फरक एका सुताच्या आत असेल तर सोडून द्या, दोन सूत किंवा जास्त असेल तर ॲडजस्ट करायचं. काही मॅन्युअल दोन सुतांपर्यंत चालतं म्हणतात, पण आप्पा बाजूला उभे असतील तर नाही चालत.

पण नटाला हात लावायच्या आधी आणखी एक बघा. तेच पातं अर्धा फेरा फिरवून त्याचं दुसरं टोक त्याच जागी आणा आणि परत मोजा. एकाच जागी दोन टोकांची मापं एका सुतापेक्षा जास्त वेगळी येत असतील तर डेक नाही, पातंच वाकलंय. दगडाला, झाडाच्या मुळाला, स्प्रिंकलरच्या डोक्याला, कशाला तरी आदळलेलं असतं. वाकलेलं पातं हातोडीने सरळ करायचं नाही, नवीन घ्यायचं. इथे आपला जुगाडू स्वभाव उसळी मारतो मला माहितीये, पण मिनिटाला तीन हजारच्या आसपास फेरे घेणारी लोखंडाची पट्टी आहे ती, आणि तुकडा उडाला तर कुठे जाईल सांगता येत नाही. दोन्ही टोकं सारखी पण शेजारच्या पात्यापेक्षा अख्खं पातंच वर-खाली असेल तर स्पिंडल (पातं ज्यावर फिरतं तो दांडा) किंवा डेकचा पत्रा वाकलाय, ते काम दुकानात न्या.

पाती सरळ आहेत म्हटल्यावर डावी-उजवी लेव्हल. मागच्या चाकाजवळ, डेकच्या दोन्ही बाजूंना, डेकला वर टांगून धरणारी एकेक लिंक असते आणि तिला एक नट असतो. बऱ्याच मशीनला ३/४ चा पाना लागतो, तुमचं बघून घ्या. साधारणपणे नट आवळला की ती बाजू वर येते, सैल केला की खाली जाते, पण उलटं असलेली मॉडेलं पण आहेत, तर अर्धा फेरा द्या आणि मोजा, लगेच कळतं. माझ्या मशीनवर एका पूर्ण फेऱ्याला दीड सूत फरक पडतो. एकाच बाजूला हात लावा, दोन्हीकडे नट फिरवत बसलात तर तराजूतल्या बेडकासारखं होतं, एक बसवावा तर दुसरा उडी मारतो. मी आधी एकट्याने प्रयत्न केला होता तेव्हा तासभर हेच करत होतो. आम्ही डावी लिंक फक्त एक फेरा आवळली आणि काम झालं, बाकीचं हवेने आधीच केलं होतं.

आप्पांनी इथे एक फिटरी प्रयोग केला. म्हणाले तू कापताना वर बसतोस ना, मग रिकाम्या मशीनचं माप घेऊन काय उपयोग, बस वर. मी बसलो, किल्ली माझ्या खिशात, त्यांनी खाली वाकून मोजलं. माझ्या वजनाने डेक एक सूत खाली आला. मॅन्युअलमध्ये असं काही करायला सांगत नाहीत आणि तुम्ही पण नाही केलंत तरी चालेल, पण माहिती असावं, की माणूस बसला की माप थोडं उतरतं.

आता पुढची-मागची लेव्हल. हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं. डेक पुढून-मागून अगदी सपाट ठेवायचा नसतो, पुढची बाजू किंचित खाली पाहिजे, साधारण एक ते तीन सूत. कारण असं की गवत कापायचं काम पातं पुढच्या बाजूला करतं, मागे येईपर्यंत ते कापून झालेलं असतं. मागची बाजू खाली असेल तर तेच गवत परत चेचलं जातं, इंजिनवर लोड येतो, टोकं फाटतात आणि दोन दिवसांनी यार्ड लांबून करड्या रंगाचं दिसायला लागतं. तर पाती फिरवून टोकं पुढे-मागे करा, पुढचं टोक मोजा, मागचं टोक मोजा. पुढचं खाली नसेल तर डेकच्या पुढून इंजिनकडे जाणारा एक रॉड असतो (कुठे दोन असतात), त्याला नट आणि त्याच्यामागे लॉकनट. लॉकनट सैल करा, मेन नट फिरवा, मोजा. दोन रॉड असतील तर दोन्ही सारखेच फेरे. झालं की लॉकनट परत घट्ट करायचा, हे विसरलात तर दोन वेळा कापण्यात सगळी लेव्हल निघून जाते. आणि पुढचं-मागचं केल्यावर डावं-उजवं एकदा परत मोजा, थोडं हललेलं असतं.

डेकला जी छोटी चाकं असतात ना बाजूला, लोकांना वाटतं डेक त्यांच्यावर चालतो. नाही. डेक टांगलेला असतो, ती चाकं फक्त उंचवट्यावरून जाताना डेकची कड मातीत घुसू नये म्हणून असतात. सपाट जमिनीवर, तुमच्या नेहमीच्या उंचीला, ती जमिनीपासून दोन ते चार सूत वर पाहिजेत. चाकाच्या दांड्याला तीन-चार भोकं असतात, उंची बदललीत तर चाकं पण त्याप्रमाणे दुसऱ्या भोकात घाला. माझी आधी कायम जमिनीला घासत होती आणि एक चाक झिजून अंड्यासारखं झालं होतं, मी ते बदलून नवीन घातलं आणि सहा महिन्यांत ते पण अंड्यासारखं. दोनदा पैसे घातल्यावर डोक्यात प्रकाश पडला.

हे सगळं झाल्यावर आप्पांनी सहाच्या सहा खाचांत लिव्हर टाकून प्रत्येक वेळी पात्याचं माप घेतलं आणि मास्किंग टेपचा तुकडा मडगार्डवर चिकटवून त्यावर पेनाने लिहून ठेवलं. चौथी खाच ३ इंच निघाली बरोबर, पण पाचवी साडेतीन नाही, ३ इंच ५ सूत. सहावी चारला एक सूत कमी. तुम्ही पण करा हे, दहा मिनिटांचं काम आहे. बायकोने पहिल्यांदा ती पट्टी बघितली तर म्हणाली हे काय, शिंप्याचं दुकान उघडलंय का.

मग गवतावर जाऊन ट्रायल घ्या, कारण काँक्रीटवरचं माप आणि गवतावरचं माप थोडं वेगळं येतं. मऊ जमिनीत चाकं दबतात, त्यामुळे कट थोडा खाली येतो. सपाट जागेवर वीस-तीस फुटांच्या दोन फेऱ्या मारा, मशीन बंद करा, उतरा, आणि टेपचं टोक गवतातून थेट मातीपर्यंत घालून चार-पाच ठिकाणी मोजा. हीच तुमची खरी कटिंग हाइट. पाव इंच कमी येत असेल तर पुढची खाच वापरा आणि पट्टीवर तसं लिहा.

कापलेलं गवत बघून पण बरंच कळतं. दोन फेऱ्यांच्या मधे पायरी दिसत असेल, एकीकडे उंच एकीकडे ठेंगणं, तर डावी-उजवी लेव्हल अजून चुकलीये. फेरीच्या बरोबर मधे न कापलेली शेंडी राहत असेल तर पाती झिजलीत, किंवा डेकखाली गवत साचलंय, किंवा तुम्ही घाई करताय. रायडिंग मोवर ताशी ३-४ मैलांच्या वर पळवला की कट बिघडतोच. आणि थ्रॉटल, म्हणजे इंजिनचा वेग ठरवणारी लिव्हर, मात्र फुल पाहिजे, त्या लिव्हरवर ससा आणि कासवाचं चित्र असतं बघा, तर इंजिन सशावर ठेवायचं आणि गाडी कासवासारखी चालवायची, गोष्टीत दोघांची शर्यत होती पण इथे दोघं एकाच टीममध्ये आहेत. ठराविक उंचवट्यावरच माती खरवडली जात असेल तर लेव्हलचा दोष नाही, तिथून जाताना एक खाच वर घ्या किंवा दुसऱ्या दिशेने कापा. दर वेळी एकाच दिशेने कापत राहिलात तर चाकोऱ्या पडतात, आणि चाकोरीत चाक गेलं की परत ती बाजू खाली. पाऊस पडून गेल्यावर ओल्या गवतात जाऊ नका, डेकमध्ये शेणाच्या गोवऱ्यांसारखे गठ्ठे जमतात.

सीझनप्रमाणे मी काय करतो सांगतो, आमच्याकडे ब्लूग्रास आणि फेस्क्यू मिक्स आहे. एप्रिलमधलं पहिलं कटिंग चौथ्या खाचेत. मे अखेरीपर्यंत तिथेच, मग जूनपासून पाचवीत, आणि कडक उन्हाळ्यात पाऊस नसेल तर सहावीत. सप्टेंबरमध्ये परत चौथी. ऑगस्टअखेरीला किंवा सप्टेंबरच्या सुरुवातीला नवीन बी टाकायचं असेल तर त्याआधी एकदाच दोन इंचांवर कापतो, म्हणजे बी मातीपर्यंत पोचतं. वर्षातून मुद्दाम एवढं खाली मी तेव्हाच जातो.

आणि मुलांच्या सुट्टीत तीन आठवडे सांगलीला जाऊन आल्यावर काय? गवत गुडघ्याला नाही तरी पोटरीला लागलेलं असतं, वर शेंगा आल्यासारखे तुरे. इथल्या बऱ्याच गावांत ८-१० इंचांच्या वर गवत गेलं की नोटीस येते, कुठे १२, त्यामुळे आल्या आल्या जेट लॅगमध्ये माणूस मोवरवर बसतो आणि रागाच्या भरात नेहमीच्या खाचेत टाकून सगळं एकदम उडवतो. तसं नको. आधी सगळ्यात वरची खाच, एक कटिंग, साचलेलं गवत रेकने काढा. तीन-चार दिवसांनी पाचवी. आणखी तीन-चार दिवसांनी चौथी. इतकं उंच असताना अर्धा डेकच गवतात घाला, अर्धा आधी कापलेल्या भागावर ठेवा, नाहीतर इंजिन रडायला लागतं.

नोव्हेंबरमध्ये वाढ थांबत आली की शेवटची दोन कटिंग हळूहळू खाली आणतो, अडीच इंचांपर्यंत, म्हणजे तिसरी खाच. फार उंच ठेवलं तर बर्फाखाली गवत आडवं पडून कुजतं आणि मार्चमध्ये बर्फ वितळला की करड्या गोल चकत्या दिसतात, त्याला इथे स्नो मोल्ड म्हणतात. मग डेकचा खालचा भाग खरवडून, पाती काढून धारेला देतो (परत बसवताना पात्याची वर वळलेली बाजू डेककडे पाहिजे, उलटं बसवून "धार लावून पण कापत का नाही" म्हणत मी एक अख्खा शनिवार घालवलाय), सांध्यांना ग्रीस देतो आणि मशीन गॅरेजच्या कोपऱ्यात. एप्रिलमध्ये बाहेर काढलं की पहिलं काम टायरची हवा, थंडीत ती उतरलेलीच असते, आणि मग टेप. मडगार्डवरच्या पट्टीवरची शाई आता उन्हाने उडत आलीये, तिसरी आणि चौथी खाच वाचता येते, बाकीचं अंदाजाने. परवा आप्पांना व्हिडिओ कॉलवर दाखवली तर म्हणाले, वर सेलोटेप मारायचा की रे, तेवढं पण सांगायला पाहिजे का.